अपग्रेड घेऊन परत खेळलं की ‘द लास्ट ऑफ अस’ची गोष्ट मरते का?

निवांत_वर्कबेंच
काल रात्री एकाची पोस्ट वाचली, “न्यू गेम प्लस ही ज्यांना गेम जमत नाही त्यांची कुबडी आहे, द लास्ट ऑफ अससारख्या गेममध्ये हा मोड असायलाच नको होता, सगळे अपग्रेड घेऊन परत खेळणारे लोक गोष्टीचा अपमान करतात.” (न्यू गेम प्लस म्हणजे गेम एकदा संपवल्यावर आधीचे अपग्रेड घेऊन तो परत सुरू करायचा मोड.) डोकंच फिरलं माझं. झोप गेली. म्हणून आता सविस्तर लिहितोय, ज्याला वाचायचं नसेल त्याने पुढे जावं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: साथीने उद्ध्वस्त झालेल्या अमेरिकेत जोएल नावाचा माणूस एली नावाच्या पोरीला घेऊन जातो, ही या गेमची गोष्ट. मी पहिल्यांदा खेळलो २०१३ च्या दिवाळीत, पीएस थ्रीवर, सांगलीच्या घरी. तेव्हा माझं सगळं लक्ष कशात होतं तर कात्री, टेप, चिंध्या, दारूची बाटली. वाटेत भेटलेल्या हेन्री आणि सॅम या भावांबरोबर चालताना ते काय बोलत होते मला आठवतसुद्धा नाही, कारण मी तेव्हा कुठल्यातरी टेबलाचे ड्रॉवर उघडत होतो. एली मागून काहीतरी म्हणायची, डोक्यावर बटणाचा त्रिकोण दिसायचा, आणि मी तो दाबायचा सोडून पुढच्या खोलीत गोळ्या शोधायला जायचो. गेम संपला, रडलो वगैरे, पण अर्धी गोष्ट मी ऐकलीच नव्हती.

दुसऱ्यांदा प्लसमध्ये खेळलो. हेल्थ पूर्ण वाढलेली, शिव (घरगुती चाकू) मास्टर हा अपग्रेड असल्यामुळे क्लिकरने, म्हणजे आवाजावर येणाऱ्या संसर्ग झालेल्याने, मानगूट धरली तरी शिव मारून सुटता येतं, म्हणजे भीती आहे पण हातपाय गळत नाहीत. मग मी थांबायला लागलो. बिलच्या गावाआधी एली शिट्टी वाजवायला शिकते आणि जमत नाही, ते मी तेव्हा पहिल्यांदा नीट ऐकलं. आणि शेवटचं शहर, सॉल्ट लेक! पूर्ण गेमभर आपण भिंतीपाशी जाऊन त्रिकोण दाबला की पोरगी धावत येते आणि जोएलच्या हातावर पाय देऊन वर चढते, बरोबर? शेवटी सॉल्ट लेकमध्ये जोएल हात जोडून उभा राहतो आणि ती येतच नाही. आपल्याच विचारात बसलेली असते. पहिल्या वेळी मला वाटलं गेम अडकला, मी वैतागून बटण दाबत बसलो होतो. दुसऱ्या वेळी पोटात खड्डा पडला. आता मला सांगा यात अपमान कोणाचा झाला?

सातारचा_सर्व्हायवर
ती पोस्ट माझीच होती त्यामुळे उत्तर पण मीच देतो.

तू म्हणतोस ड्रॉवर उघडण्याच्या नादात गोष्ट निसटली. अरे ड्रॉवर उघडणं हीच गोष्ट आहे! २० वर्षं हा माणूस तेवढंच करतोय, मेलेल्यांच्या घरात शिरायचं आणि जे उरलंय ते खिशात टाकायचं. मेडकिटला पण चिंधी आणि अल्कोहोल लागतं आणि मोलोटोव्हला (पेटत्या बाटलीला) पण तेच लागतं. स्वतःची जखम बांधायची का समोरच्याला जाळायचं, हा प्रश्न कटसीनमध्ये (मधल्या फिल्मी दृश्यात) कोणी विचारत नाही, तो तुझ्या बॅगेत विचारला जातो. तो प्रश्न काढून टाकलास की उरतं काय, चांगला अभिनय असलेली मालिका. ती एचबीओवर २०२३ ला आली की, ती बघ ना मग.

पिट्सबर्गच्या हॉटेलचं तळघर घे. गुडघ्याच्या वर पाणी, कीकार्ड शोधायचं, जनरेटर चालू करायचा, आणि तो चालू केला की त्या आवाजाने सगळे अंगावर येतात. मी सर्व्हायवर या अवघड पातळीवर खेळत होतो, म्हणजे भिंतीपलीकडचे शत्रू आवाजावरून दाखवणारा लिसन मोड पण नाही. एक शिव, तीन गोळ्या. जनरेटरची दोरी ओढली आणि आमच्याकडची लाईट गेली, खरंच गेली, खेडेगाव आहे, लोडशेडिंग. त्या अंधारात दहा मिनिटं मी कंट्रोलर धरून तसाच बसून होतो, हलायची हिंमत होईना, आई बाहेरून विचारत होती मेणबत्ती पाहिजे का तर आवाज फुटेना. हे तुला भरलेल्या शॉटगनने मिळणार आहे का? नाही मिळणार.

जुनी_डिस्क
दोघांचं चालू द्या पण मला एक कळत नाही, परत खेळायला तुमच्याकडे डिस्क शिल्लक राहते कशी? आम्ही तर गेम संपला की चौथ्या दिवशी विकतो आणि त्यात भर घालून पुढचा घेतो. २०२२ ला तोच गेम पार्ट वन म्हणून परत आणला, किंमत ४,९९९ रुपये. तीच गोष्ट, तेच डायलॉग, चेहरे नवीन. आणि फॅक्शन्स मल्टिप्लेअर काढूनच टाकलं, जे एकटंच मला परत परत खेळावंसं वाटायचं! मी त्या फॅक्शन्सवर कॉलेजची दोन वर्षं घालवलीत. त्यावर कोणी बोलत नाही, सगळे ग्राफिक्स ग्राफिक्स करतात.

निवांत_वर्कबेंच
हा धागा किमतीचा नाहीये.

जुनी_डिस्क
का नाही? एकच गेम दोनदा खेळायचा का नाही हा प्रश्न ज्याला वर्षाला दोनच गेम परवडतात त्याला विचारा की.

थर्मल_पेस्ट
मग पीसीवर या. सेलमध्ये घ्या.

जुनी_डिस्क
पीसीवर या म्हणे! मार्च २०२३ ला पीसीवर आला तेव्हा काय अवस्था होती विसरलास का, शेडर बिल्ड (खेळ सुरू होण्याआधीची ग्राफिक्सची तयारी) होताना लोक जेवून यायचे तरी टक्का हलत नव्हता. आणि चांगलं ग्राफिक्स कार्ड काय झाडाला लागतं का? डिस्क विकता येते हाच तिचा मुद्दा आहे. डिजिटल घेतलं की पैसे गेले ते गेले, परत विकता येत नाही.

थर्मल_पेस्ट
जुनी डिस्क घेणं म्हणजे लॉटरी आहे. आमच्या शहरातल्या एका दुकानातून मी हाच गेम सेकंड हँड घेतला होता. युनिव्हर्सिटीच्या भागापर्यंत मस्त चालला, जोएल त्या सळईवर पडतो ना तिथे बरोबर डिस्क अडकली. तीन वेळा तिथेच. त्यापुढचा हिवाळ्याचा भाग, जो एली होऊन खेळायचा असतो, मला एक वर्ष बघायला मिळाला नाही! दुकानदाराकडे गेलो तर म्हणे ओरखडा तुम्हीच पाडला. तेव्हापासून मी डिस्कला हात लावत नाही. आणि तुम्ही लोक चौथ्या दिवशी विकता, बॉक्समध्ये न ठेवता नुसती टेबलावर टाकता, त्याचं फळ पुढच्याला मिळतं.

जुनी_डिस्क
तुम्ही लोक म्हणजे कोण रे? मी माझी प्रत्येक डिस्क मऊ कापडाने मधून बाहेर पुसून ठेवतो. ओळख ना पाळख आणि सरळ आरोप? तुझ्या दुकानदाराचा राग माझ्यावर काढू नकोस.

थर्मल_पेस्ट
तू झाडाला लागतं का म्हणालास तेव्हा ओळख होती वाटतं. मी पण नोकरी लागल्यावर हप्त्यांवर पीसी घेतलाय, बापाने नाही दिला.

जुनी_डिस्क
बरं. ते झाडाचं मागे घेतो. डिस्कचं नाही घेणार.

लिसनमोड
किमतीचा मुद्दा असा उडवून लावू नका हो वर्कबेंच, त्याचा संबंध आहे. मी कोल्हापुरात नर्स आहे, ओटीत ड्युटी असते. माझ्याकडे तीन वर्षांत मोजून चार गेम झालेत, त्यामुळे परत खेळणं हेच माझं खेळणं आहे. त्यात माझं उजवं मनगट मोडलं होतं, प्लेट आहे आत. ट्रिगर दाबून धरला की दहा मिनिटांत कळ येते. पहिल्यांदा फ्रॅक्चरच्या आधी नॉर्मलवर संपवला होता, नंतर प्लसमध्ये सोप्यावर खेळते. बंदूक हलत नाही, हीलिंग पटकन होतं, म्हणजे बटण कमी वेळ धरावं लागतं. याला कोणी कुबडी म्हटलं तर म्हणू दे, पण कुबडी घेऊन चालणारा माणूस त्याच रस्त्याने चालतो ना?

आणि सातारकर, तुम्ही म्हणता ताकद आली की गोष्ट जाते. मला उलट अनुभव आला. शेवटचं हॉस्पिटल, जिथे औषध शोधायला डॉक्टर एलीचं ऑपरेशन करणार असतात, त्यात ती मरणार असते, आणि जोएल तिला सोडवायला येतो. पहिल्या वेळी मी तिथे रडतखडत पोचले, गोळ्या संपलेल्या, हेल्थ लाल, कॉरिडॉरमध्ये पाच वेळा मेले. त्यामुळे जोएल जे करतो ते मला पटलं होतं, इतका त्रास काढलाय तर पोरगी घेऊन जाणारच की तो. दुसऱ्या वेळी सगळी हत्यारं वाढवलेली होती. ओरखडा सुद्धा न येता मी त्या ओटीच्या दारापर्यंत गेले. आत हिरव्या गाउनमधला तो डॉक्टर हातात स्काल्पेल धरून उभा, हात पुढे केलेला, आणि माझ्याकडे सगळंच भरलेलं. मी रोज तसल्याच खोलीत उभी असते हो. मी कंट्रोलर खाली ठेवला आणि बाहेर जाऊन पाणी पिऊन आले. जोएलची भीती मला त्या दिवशी वाटली, आणि ती माझ्याकडे अपग्रेड होते म्हणूनच वाटली.

सातारचा_सर्व्हायवर
ताई, मनगटाचं मला माहीत नव्हतं, आणि कुबडी हा शब्द मी तुमच्यासारख्यांना उद्देशून लिहिला नव्हता. तो शब्द चुकला. मत चुकलं असं अजूनही वाटत नाही.

कारण हिवाळा. यावर कोणीच बोललं नाही अजून. गेम बनवणाऱ्यांना प्लेअरची ताकद कधी काढून घ्यायची ते पक्कं माहीत होतं. शरद ऋतूपर्यंत तुम्ही जोएलला वर्कबेंचवर (हत्यारं सुधारायच्या टेबलावर) घासून पुसून तयार करता, आणि मग पडदा काळा होतो, बर्फ पडतो, आणि हातात १४ वर्षांची पोरगी, धनुष्य आणि तो चाकू. वर्कबेंच नाही, औषधाच्या गोळ्या खाऊन अंगात काही वाढवायचं नाही. एलीला पकडणाऱ्या डेव्हिडबरोबर त्या रेस्टॉरंटमध्ये आग लागलेली असते, खाली काचा आणि फुटक्या बश्या, पाय पडला की आवाज, आणि त्याला मागून जाऊन तीन वेळा भोसकायचं. तिथे तुम्ही काहीच नसता. हा गेमचा सगळ्यात भारी भाग आहे आणि तो पूर्णपणे कमतरतेवर उभा आहे. मग बाकीच्या गेममधली कमतरता काढून टाकणारा मोड कशाला?

निवांत_वर्कबेंच
अरे पण तू माझाच मुद्दा मांडलास! प्लसमध्ये तर तो कडेलोट जास्त खोल आहे. बारा तास मी कोणालाही न घाबरता फिरलो आणि एकदम ती छोटी पोरगी बर्फात हरणामागे. पहिल्या वेळी जोएल पण कंगाल, एली पण कंगाल, फरक फारसा जाणवला नव्हता. दुसऱ्या वेळी मी सवयीने शॉटगन शोधत होतो आणि हातात चाकू होता. जोएल नसणं म्हणजे काय ते मला हाताला कळलं.

सातारचा_सर्व्हायवर
हे बोलायला छान वाटतं. पण मग पार्ट टूचं काय? तिथे अर्धा गेम एलीला वाढवत आणून मग अ‍ॅबी म्हणजे एलीची शत्रू, हातात देतात, सगळं शून्य. २०२० ला लोक किती चिडले होते. मी पण चिडलो होतो, डिस्क काढून ठेवली होती आठवडाभर. तो राग येणं हेच तर त्यांना पाहिजे होतं, ज्या बाईचा तिरस्कार करतोस तिला पहिल्यापासून उभी कर. प्लसमध्ये अ‍ॅबी पण तयार होऊन येते. शून्य गेलं, राग गेला. ज्याने पार्ट टू फक्त एकदा खेळला त्याला जे मिळालं ते प्लसवाल्याला मिळणार नाही.

निवांत_वर्कबेंच
प्लसवाला आधी एकदा खेळलेलाच असतो! एकदा संपवल्याशिवाय तो मोड उघडतच नाही. तुझा राग त्याने पण भोगलेला असतो. भूक लागल्यावरचं जेवण आणि पोट भरल्यावर आजीकडून रेसिपी विचारणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, दुसरीमुळे पहिली खोटी ठरत नाही.

पण अ‍ॅबीबद्दल तू बरोबर आहेस. मी प्लसमध्ये तिच्या पहिल्या दिवसाला काहीच वाटून न घेता पुढे गेलो होतो. आता तू लिहिल्यावर आठवलं.

लिसनमोड
अ‍ॅबीबाबत मला पण पटलं. तरी पार्ट टूमध्ये साठाच्या वर अ‍ॅक्सेसिबिलिटी सेटिंग आहेत, सगळी बटणं पाहिजे तशी बदलता येतात, त्यामुळे तिथे मला प्लसची गरजच पडली नाही. पहिल्या गेममध्ये तेव्हा तेवढं असतं तर कदाचित मीही सर्व्हायवरवर गेले असते.

थर्मल_पेस्ट
ज्यांना फक्त मारामारी परत करायचीये त्यांच्यासाठी पार्ट टू रिमास्टर्डमध्ये नो रिटर्न हा मोड दिलाय ना २०२४ ला. गोष्ट बाजूला, अपग्रेड दर वेळी शून्यापासून. दोन्ही वेगळं ठेवलं की भांडणच नाही.

जुनी_डिस्क
आणि फॅक्शन्स? ते कुठे ठेवलं?

सातारचा_सर्व्हायवर
फॅक्शन्सचा वेगळा धागा काढ रे बाबा, मी पहिली कॉमेंट टाकतो, मलाही ते पाहिजेच होतं.

वर्कबेंच, माझं मत तेच आहे, पहिल्यांदा खेळणाऱ्याला कोणी प्लसचं आमिष दाखवू नये. “आत्ता काही वाढवू नको, नंतर घे” असले सल्ले देणारे लोक मला नकोत. पण एक कबूल करतो, ती सॉल्ट लेकची भिंत मला आठवत नाहीये. पाच वेळा संपवलाय मी गेम, पाचही वेळा सर्व्हायवर नाहीतर त्याहून अवघड ग्राउंडेड, आणि एली येत नाही हे माझ्या लक्षातच नाही. मी तेव्हा बहुतेक बसमध्ये गोळ्या शोधत असेन.

निवांत_वर्कबेंच
सेव्ह आहे का तुझी?

सातारचा_सर्व्हायवर
आहे. चॅप्टरवरून सरळ वसंत ऋतू उघडतो. आज रात्री लाईट राहिली तर.

लिसनमोड
त्रिकोण दाबल्यावर बटण परत परत दाबू नका. नुसतं थांबा आणि कॅमेरा मागे वळवा.