मदत हवी आहे: भाच्याला वाटतंय पप्पा बोटीवर आहे, खरं कसं सांगू?

नमस्कार. बरीच वर्षं नुसती वाचते, पहिल्यांदाच धागा काढतेय, विभाग चुकला असेल तर हलवा प्लीज. लांबलंय, पण थोडक्यात सांगायला जमत नाहीये.

मी म्हापशाला राहते, माहेर बार्देशातच जवळच्या गावात. माझा भाऊ तारवटी होता, म्हणजे बोटीवर कामाला, क्रूझच्या गॅलीत, म्हणजे बोटीवरच्या स्वयंपाकघरात. गोव्याबाहेरच्यांना कल्पना यावी म्हणून सांगते, आठ-नऊ महिने कॉन्ट्रॅक्ट, मग दोनेक महिने घरी, की परत बोट, असं त्याचं लग्नाआधीपासून चाललेलं. यंदा मार्चमध्ये, ऐन शिगमोच्या दिवसांत, सुट्टीवर घरी असताना रात्री छातीत दुखायला लागलं आणि हॉस्पिटलात पोचेपर्यंत सगळं संपलं. ४१ वर्षांचा होता. दोन मुलं, मोठी ११ ची, धाकटा ६ चा.

त्या रात्री मुलांना उचलून शेजारी नेऊन ठेवलं होतं. मोठीला सकाळपर्यंत कळलंच, तिच्यापासून काय लपणार. धाकट्याने उठल्या उठल्या विचारलं पप्पा कुठे, आणि घर माणसांनी भरलेलं, वहिनी शुद्धीत नाही, आई एका कोपऱ्यात बसलेली, तेव्हा मीच त्याला म्हटलं की पप्पाला बोटीवर अर्जंट बोलावलं, तू झोपला होतास म्हणून उठवलं नाही. मीच म्हटलं. दुसऱ्या कोणी सांगितलं असतं तर आज इतकं लागलं नसतं. वाटलं बारावा होईपर्यंत वेळ निभावू, मग सावकाश सांगू. बारावा झाला, महिना झाला, आता जून संपत आला.

आणि दुसऱ्या कुठल्या घरात हे खोटं दोन दिवसही टिकलं नसतं. आमच्याकडे टिकलं, कारण बाप घरात नसणं हेच या पोराचं रोजचं होतं. त्याच्या सहा वर्षांतली चार-साडेचार वर्षं तरी पप्पा म्हणजे फोनवरचा पप्पा. तो जातो आणि येतो. एवढ्या वर्षांत एकदाही असं झालेलं नाही की गेला आणि आला नाही. कालनिर्णयवर भाऊ जायच्या आधी परत यायच्या महिन्यावर लाल पेनाने गोल काढून जायचा, यंदा गोल नाही म्हणून पोराने स्वतःच काढलाय, डिसेंबरवर.

त्यात घरात चार माणसं चार गोष्टी सांगतात. मी बोट सांगितली. आईने कधीतरी सांगून टाकलं की पप्पा झोपला तो उठलाच नाही, तेव्हापासून हा रात्री दोन-दोनदा उठून वहिनीला हलवतो, आई डोळे उघड म्हणून, आणि सोडलेलं अंथरूण ओलं करणं परत सुरू झालंय. एक मामा म्हणाले देवाघरी. आणि पिंडाला कावळा शिवला तेव्हा शेजारच्या काकांनी प्रेमानेच सांगितलं, बघ पप्पा आला. दुसऱ्या दिवशी आईने वाळवणावरून कावळा हाकलला तर हा तिच्या अंगावर धावून गेला. कोणाचंच मन वाईट नव्हतं हो. पण एवढ्याशा डोक्याने या चारांतलं धरायचं काय?

आता जे झालं त्यासाठी धागा काढलाय. भाऊ बोटीवर असताना पोरं वहिनीच्या फोनवरून त्याला व्हॉइस मेसेज टाकायची. भर समुद्रात त्याचं वायफाय नसायचं, तेव्हा एकच टिक यायची. पोर्टला लागला की दोन व्हायच्या, आणि मग त्याचा फोन यायचा. धाकट्याला वाचता नीट येत नव्हतं तेव्हापासून टिका कळायच्या. तर मार्चनंतरही तो रोज मेसेज टाकत होता. शाळेत काय झालं, मांजराला पिल्लं झाली, दात पडला. वहिनी दाराआडून ऐकायची, थांबवायची तिची हिंमत नव्हती. भावाचा फोन कपाटात बंद होता त्यामुळे एक टिक, आणि पोराच्या हिशोबाने त्यात काहीच नवल नव्हतं.

मागच्या आठवड्यात बँकेच्या कामाला ओटीपी लागणार म्हणून वहिनीच्या भावाने तो फोन काढला, चार्ज केला, रिचार्ज मारला आणि चालू केला. कोणाच्या ध्यानीमनी नाही. आम्ही स्वयंपाकघरात होतो आणि बाहेरून ओरडणं ऐकू आलं, "पप्पा पोर्टार पावलो! पप्पा पोर्टार पावलो!" म्हणजे पप्पा बंदराला पोचला. जुने मेसेज तसेच एका टिकेवर होते, पण शेवटच्या महिन्याभरातल्या सगळ्यांना दोन-दोन टिका. वहिनीचा फोन हातात धरून तो घरभर नाचत होता, आणि मग सोप्यावर जाऊन फोन मांडीवर घेऊन बसला, वाजेल म्हणून. जेवायला आला नाही. रात्री तसाच झोपला, फोन हातात.

तेव्हापासून मला झोप नाही. सांगायचं हे ठरलंय. पण कसं? कोणी सांगायचं, मी की वहिनीने? "मेला" हा शब्द वापरायचा का, आई म्हणते एवढ्या लहान पोराजवळ तसलं बोलू नये. इतके महिने आपण खोटं बोललो हे कबूल करायचं का, की आत्ताच झालं असं सांगायचं? आणि तो पुढे कधी माझ्यावर विश्वास ठेवेल का? मोठीचं तसं ठीक आहे, ती खूप समजूतदार आहे, आईला सगळी मदत करते, अभ्यास स्वतःचा स्वतः करते. काळजी धाकट्याचीच आहे. कोणी यातून गेलं असेल तर लिहा.

भर (चार दिवसांनी):

सगळ्यांचे प्रतिसाद वाचले, काही तर दोन-तीनदा वाचले. एकेकाला उत्तर देता आलं नाही, राग मानू नका.

"आत्ताच झालं असं सांगा" असं दोघांनी सुचवलं, ते मनाला पटलं नाही. एक खोटं झाकायला दुसरं, आणि शाळेत कोणीतरी एक दिवस बोलणारच. ज्या ताईंनी टेली-मानसचा, म्हणजे सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा, १४४१६ नंबर दिला त्यांचे आभार. फुकट आहे, दिवसरात्र चालू असतो, भाषा निवडता येते. मी रात्री साडेदहाला लावला, म्हटलं बघू तर खरं. पलीकडच्या बाईंनी घाई न करता सगळं ऐकून घेतलं. दुसऱ्या दिवशी मोठीच्या शाळेतल्या कौन्सेलरनाही भेटून आले. दोघींचं बोलणं जवळपास एकच होतं, ते इथे लिहून ठेवते, दुसऱ्या कोणाला लागेल.

पाच-सहा वर्षांच्या मुलाला मरण हे परत फिरता येण्यासारखं वाटतं, बोटीची गोष्ट नसती तरी वाटलं असतं. साधारण सात-आठ वर्षांपर्यंत मुलांना हळूहळू कळतं की शरीर बंद पडतं, परत चालू होत नाही, आणि हे सगळ्यांच्याच वाट्याला येतं. म्हणून झोपला, गेला, देवाने नेला असले शब्द नकोत, मूल ते शब्दशः घेतं आणि मग झोपेलाच घाबरतं. "मेला" हाच शब्द वापरा म्हणाल्या, आणि वर लगेच त्याचा अर्थ सांगा, की आता श्वास नाही, भूक नाही, दुखणं नाही. देवाघरी म्हणायचं तर म्हणा, पण आधी हे सांगून मग. एकदा सांगून होणार नाही, तेच तेच पन्नास वेळा विचारेल, दर वेळी तेच उत्तर, घरातल्या सगळ्यांनी. यासाठी मला आईशी भांडावं लागलं, शेवटी ती रडली आणि हो म्हणाली.

आणखी एक, जे मला सुचलंच नसतं. या वयाची मुलं मनातल्या मनात स्वतःला दोष देतात, आपण काहीतरी केलं म्हणून झालं असं धरून बसतात. त्याने विचारलं नाही तरी आपणहून सांगायचं की तुझ्यामुळे नाही झालं. आणि मोठ्यांनी पोरांसमोर रडलं तर चालतं.

मग मोठीचं विचारलं त्यांनी. मी वर लिहिलंय तसंच सांगितलं, समजूतदार आहे म्हणून. कौन्सेलर जरा थांबल्या आणि म्हणाल्या, तिला आतापर्यंत कोणी विचारलं का तुला कसं वाटतंय? माझ्याकडे उत्तर नव्हतं. बाराव्याला आलेल्या प्रत्येक बाईने तिच्या पाठीवरून हात फिरवून सांगितलंय, आता तूच आईला सांभाळायचं. मीही सांगितलंय. अकरा वर्षांची पोर! बाप गेला आणि त्याच आठवड्यात आम्ही तिला घरची कर्ती करून टाकली. या धाग्यावरही एका दादांनी तिच्याबद्दल विचारलं होतं, मी तो प्रतिसाद वाचून सोडून दिला होता. माफ करा.

भर २:

रविवारी सांगितलं. वहिनीने सांगितलं, मी बाजूला बसले. बाहेर मरणाचा पाऊस होता, लाईट गेलेली. ती म्हणाली, पप्पा बोटीवर नाही. त्या रात्री पप्पाच्या छातीत दुखलं, त्याचं हृदय बंद पडलं आणि तो मेला. डॉक्टरना चालू करता आलं नाही. मेलेला माणूस परत येत नाही, बोट आली तरी येत नाही. मग मी म्हटलं, मी तुला बोट सांगितली ते खोटं होतं, मला तुझ्याशी खरं बोलायला भीती वाटली, ते माझं चुकलं.

तो बराच वेळ गप्प बसला. आमच्या घरी कपाटावर भावाची निळी बॅग असते. दर वेळी जाताना ती बंद व्हायची नाही, मग दोन्ही पोरं वर बसायची आणि हा चेन ओढायचा. त्या बॅगेकडे बघून म्हणाला, "म्हणून त्याने बॅग नेली नाही."

मला पुढचं काही सुचेना. म्हणजे हे पोर चार महिने ती बॅग बघत होतं आणि कोणाला विचारत नव्हतं.

मग त्याने विचारलं, पप्पाने मोबाईल दिला नाही म्हणून मी त्या दिवशी त्याच्यावर ओरडलो होतो, त्याने हृदय बंद पडलं का. फोनवरच्या बाई सांगत होत्या ते अगदी तसंच. आम्ही दोघींनी एकदम नाही म्हटलं. पप्पाला जाळलं का, दुखलं का, हेही विचारलं. सांगितलं, मेल्यावर दुखत नाही. रडला असं नाही. थोड्या वेळाने म्हणाला भूक लागली, पोळी खाल्ली आणि अंगणात पाण्यात उड्या मारायला गेला. आधी कोणी सांगितलं नसतं तर मी हादरलेच असते, पण मुलांचं दुःख असं तुकड्यातुकड्याने येतं म्हणे, एवढं एका दमात त्यांना पेलत नाही. रात्री मात्र खूप रडला, बनियन आवळून धरलेली, भावाची.

आणि मोठी दारात उभी राहून सगळं ऐकत होती. तो अंगणात गेल्यावर आत आली आणि म्हणाली, "आत्या, आता मला खोटं बोलायला नको ना?" आणि जी रडायला लागली ती तासभर. रोज रात्री तो तिलाच विचारायचा, पप्पा आता कुठल्या पोर्टला असेल, आणि ती अ‍ॅटलास उघडून त्याला रोज एक नवीन पोर्ट सांगायची. आम्हाला पत्ताच नाही. मार्चपासून ती पहिल्यांदा अशी रडली. आता दर शनिवारी ती माझ्याकडे म्हापशाला येते, मी तिला एकही काम सांगत नाही.

दोघांच्याही शाळेत बाईंना सांगून ठेवलंय. अंथरूण अजून ओलं होतं, पण रात्री उठून वहिनीला हलवणं कमी झालंय. खाणं सोडलं, शाळेला जाईनासा झाला किंवा मलाही पप्पाकडे जायचंय असलं काही बोलायला लागला तर थांबू नका म्हणाल्या, तेव्हा बांबोळीला आयपीएचबीत, म्हणजे सरकारी मानसोपचार हॉस्पिटलात, दाखवायचं हे आमचं ठरलंय. चवथीला (गणेश चतुर्थीला) माटोळी, म्हणजे गणपतीच्या वर टांगायची फळाफुलांची चौकट, कोण बांधणार हा प्रश्न त्यानेच काढला. भाऊ घरी असला की तोच बांधायचा, नारळ, सुपारीचे घड, चिबूड, कांगलां सगळं शुक्रवारच्या बाजारातून स्वतः आणायचा. यंदा आमच्याकडे कसं काय करायचं ते मोठी माणसं ठरवतील, पण काही बांधायचं झालं तर दोरी धरायला मी, असं त्याने सांगून ठेवलंय.

आता एकच अडकलंय. तो अजून मेसेज टाकतो. वहिनीने विचारलं तर म्हणाला, पप्पा ऐकणार नाही माहीत आहे, मी नुसतं सांगतो. फोन परत कपाटात बंद आहे त्यामुळे एक टिक. पण तो रिचार्ज ८४ दिवसांचा होता, चवथीच्या आसपास संपेल. नंबर बंद पडला की काही महिन्यांनी कंपनी तो दुसऱ्या कोणाला देते, म्हणजे उद्या कुणा अनोळखी माणसाकडे याचे मेसेज जातील, दोन टिका येतील, कदाचित उलट उत्तरही येईल. वहिनी म्हणते पैसे भरत राहू, जन्मभर भरू. मला कळत नाही, हे त्याच्यासाठी चांगलं की वाईट. असा नंबर कोणी चालू ठेवलाय का? किती वर्षं? की त्याच्याशीच बोलून, त्याच्या हाताने बंद करावा? ज्यांनी केलंय त्यांनी प्लीज लिहा.