शब्दचर्चा: माझामेतला ‘सहाय्यक अभिनेता’ म्हणायचं का?

प्रश्न: मार्सेल लेव्हेक या जुन्या फ्रेंच नटावर टिपण लिहायला घेतलंय आणि पहिल्याच वाक्यात अडलोय. लुई फय्यादच्या ‘ले व्हांपीर’ (१९१५-१६) या दहा भागांच्या मूकपट-मालिकेत त्याने माझामेत रंगवला. (व्हांपीर हे टोळीचं नाव, रक्तपिपासू वगैरे कोणी नाही.) नायक पत्रकार गेराँद, पण लक्षात राहतो माझामेतच. याला म्हणू काय? ‘सहाय्यक अभिनेता’ ऐकलं की सहाय्यक अभियंता आठवतो. ‘चरित्र अभिनेता’ हिंदीकडून आलेला. मराठीत चरित्र म्हणजे टिळकांचं नाहीतर शाहूमहाराजांचं. ‘सहकलाकार’मध्ये तर अख्खी श्रेयनामावलीच मावते.

— सरळ ‘दुय्यम नट’ लिहा की. दुय्यम म्हणजे क्रमाने दुसरा. दुय्यम निबंधकाला कोणी कमअस्सल समजत नाही.

— निबंधकाचं ठीक, पण ‘दुय्यम वागणूक’, ‘दुय्यम दर्जा’ यांनी त्या शब्दाची पार रया घालवलीय. नटाच्या नावामागे लावला तर अभिनयच बेताचा असणार असं वाचणाऱ्याला वाटेल. फ्रेंचांकडे उतरंड आहे. गर्दीतला तो ‘फिग्युराँ’. ‘कोंपार्स’ म्हणजे मुळात नाटकातला बिनसंवादाचा नट. आता मूकपटात बिनसंवादाचे सगळेच! आणि लेव्हेकसारख्यांसाठी ‘स्गाँ रोल’, शब्दशः दुसरी भूमिका. तो शब्द भूमिकेचा क्रम सांगतो, माणसाचा नाही. आपली गफलत तिथेच होते.

— पीठमर्द! संस्कृत नाट्यशास्त्रात नायकाचा साथीदार. पण आज लिहिलात तर लोक कणीक मळणारा समजतील, तेव्हा राहू द्या.

— मला विचाराल तर माझामेत हा सोंगाड्या आहे. पहिल्याच भागात हा गेराँदची कागदपत्रं चोरतो, पकडला जातो, पोरंबाळं पुढे करून गयावया करतो आणि पुढे त्याचाच जिवाभावाचा साथीदार होतो. मुख्य म्हणजे तो मध्येच कॅमेऱ्याकडे वळतो. लांब नाक, टक्कल, भुवया वर, ‘बघताय ना?’ असा भाव. बाकीचे आपल्या गोष्टीत गुंग आणि हा एकटा आपल्याशी संधान बांधून! वगातला सोंगाड्या दुसरं काय करतो? लेव्हेक रंगभूमीवर मुरलेला नट होता. प्रेक्षक समोर असल्याची सवय पडद्यावर येऊनही सुटली नसावी. आठव्या भागात माझामेतचा मुलगाही येतो. ते काम रने प्वायँ या बालनटाने केलंय, आणि बापलेकांची जोडी नायकाला खुशाल झाकून टाकते. ‘ज्युदेक्स’मध्ये (१९१७) फय्यादने दोघांना पुन्हा एकत्र आणलं. तिथे लेव्हेक कोकाँतँ नावाचा भोळसट गुप्तहेर झालाय.

— सोंगाड्या माझामेतला शोभतो, कबूल. पण दिग्दर्शक ज्याँ रन्वारच्या ‘ल क्रीम द मस्य लांज’मध्ये (१९३६) लेव्हेक इमारतीचा रखवालदार आहे. बोलपट, चाळीसारखं मधलं अंगण, भोवती छापखाना नि बिऱ्हाडं. तिथे तो चौकटीत राहून काम करतो. आणि ‘सर्पांतँ’ नावाच्या विनोदी चित्रपटांत तर हाच नायक होता! मग माणसाला कायमचा सोंगाड्या कसं म्हणणार?

प्रश्नकर्ता: पटलं. विशेषण नटाला न लावता भूमिकेला लावतो: ‘दुय्यम भूमिका गाजवणारा नट मार्सेल लेव्हेक (१८७७-१९६२)’. माझामेतपुरता ‘सोंगाड्या’ पुढच्या वाक्यात, अवतरणचिन्हाशिवाय.

— अवतरण नकोच, पण ‘गाजवणारा’ जरा भडक होतंय. ‘रंगवणारा’ बरा.