मायरन रोल: ऑक्सफर्डचं ते एक वर्ष महागात पडलं का?

एडिसनकर

रविवारी गॅरेजमध्ये मुलगा बुटांच्या खिळ्यांत अडकलेला चिखल काडीने उकरत बसला होता. सोळा वर्षांचा आहे, न्यू जर्सीत शाळेच्या संघात सेफ्टी खेळतो. उन्हाळ्यातलं विज्ञानाचं सहा आठवड्यांचं शिबिर आणि संघाचा सराव एकाच वेळी आलेत, दोन्हींतलं एक सोडावं लागणार. मी त्याला मायरन रोलचं उदाहरण द्यायला गेलो. तो मान वर न करता म्हणाला, "बाबा, तो एनएफएलमध्ये एकही मॅच खेळला नाही." मला पुढे बोलताच येईना. म्हणून हा धागा काढतोय.

ज्यांना अमेरिकन फुटबॉल परका आहे त्यांच्यासाठी थोडक्यात. एनएफएल म्हणजे तिथली व्यावसायिक लीग. ड्राफ्ट म्हणजे तिच्यातल्या संघांनी दरवर्षी फेऱ्याफेऱ्यांनी केलेली नव्या खेळाडूंची निवड; वरच्या फेरीत गेलेला तो जास्त मोलाचा. सेफ्टी म्हणजे बचावफळीत सगळ्यांच्या मागे उभे राहणारे दोघं. पुढच्यांना चुकवून चेंडू घेऊन कोणी सुटला की तो यांच्याच अंगावर येतो. यांच्याही हातून निसटला तर मग मोकळं मैदान.

रोल आमच्याच राज्यात, गॅलोवेला वाढला. आईवडील मूळ बहामाचे. २००६ मध्ये फ्लोरिडा स्टेट विद्यापीठात गेला आणि पहिल्याच हंगामात एसीसी या त्यांच्या गटातला सर्वोत्तम नवोदित बचावपटू ठरला. पदवी अडीच वर्षांत हातावेगळी केली. आणि मग तो दिवस आला, २२ नोव्हेंबर २००८. ऑक्सफर्डला शिकायला पाठवणाऱ्या ऱ्होड्स शिष्यवृत्तीची शेवटची मुलाखत अलाबामातल्या बर्मिंगहॅमला, आणि त्याच संध्याकाळी संघाचा सामना मेरीलँडमध्ये. अमेरिकेतून वर्षाला ३२ जणांची निवड होते, त्यांत त्याचं नाव आलं. तिथून खास विमानाने निघाला. पोचला तेव्हा सामना सुरू झालेला होता, दुसऱ्या क्वार्टरमध्ये तो मैदानात उतरला. फ्लोरिडा स्टेटने सामना ३७-३ जिंकला.

त्या वर्षी तो ड्राफ्टमध्ये उतरला असता तर वरच्या फेऱ्यांत गेला असता, असा बोलबाला होता. तो ऑक्सफर्डला गेला. वर्षभर वैद्यकीय मानववंशशास्त्र शिकला. २०१० मध्ये परत आला तेव्हा टेनेसी टायटन्सने त्याला सहाव्या फेरीत घेतलं, एकूण २०७ व्या क्रमांकावर. पुढे सराव संघ (मुख्य यादीबाहेर, फक्त सरावापुरते ठेवलेले गडी), सप्टेंबर २०११ मध्ये नारळ, २०१२ मध्ये पिट्सबर्ग स्टीलर्सकडे काही महिने, आणि ऑगस्टअखेरच्या शेवटच्या छाटणीत तिथूनही बाहेर. हंगामातले सामने शून्य.

ड्राफ्टच्या आधी संघ खेळाडूंच्या मुलाखती घेतात. त्यातल्या एका संघाने त्याला विचारलं होतं की सहकाऱ्यांना सोडून जाताना कसं वाटलं. अभ्यासाला गेलेल्या मुलाला पळून गेल्यासारखं विचारलं! माझं मत स्पष्ट आहे: २०७ हा आकडा त्याच्या खेळाचा नव्हता, तो दंड होता. तुम्हाला काय वाटतं?

पाचवा डाव

असहमत. वीस वर्षं हा खेळ पाहतोय, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

त्याच २०१० च्या ड्राफ्टमध्ये कॅम चॅन्सलर पाचव्या फेरीत १३३ वा गेला. सेफ्टीच. पुढे सिॲटलच्या ज्या बचावफळीने लीग गाजवली तिचा तो कणा. त्याने कुठेही शिष्यवृत्ती घेतली नव्हती, तरी त्याला पाचव्या फेरीपर्यंत थांबावं लागलं. म्हणजे सेफ्टी उशिरा निवडला जाणं हा दंडच असतो असं नाही. संघांकडे चॅन्सलरचे २००९ च्या हंगामातले सामने होते. रोलचे नव्हते. बावीस वर्षांच्या मुलाने पूर्ण हंगाम एकही टक्कर घेतली नाही, तर निवड करणारा हात आखडता घेणारच. त्यात आकस कुठे आला?

दुसरं, तो कुठे जाऊन पडला ते पाहा. टायटन्सकडे मायकेल ग्रिफिन आणि क्रिस होप होते. स्टीलर्सकडे ट्रॉय पोलामालू आणि रायन क्लार्क! पोलामालूच्या जागेवर कोण बसणार? अशा ठिकाणी राखीव सेफ्टी टिकतो तो किकच्या वेळी जिवाच्या आकांताने धावून, समोरच्याला आडवा करून. ५३ जणांच्या यादीत शेवटच्या चार-पाच जागा अशाच भरतात. शिवाय २०११ मध्ये मालक आणि खेळाडूंच्या वादात मार्चपासून जुलैपर्यंत टाळेबंदी होती. दुसऱ्या वर्षाचा गडी ज्या महिन्यांत घडतो ते महिने गेले. ही रोलची चूक नाही, पण त्याच्या विद्वत्तेवरचा रागही नाही.

आणि ऱ्होड्सवाल्यांचंच उदाहरण हवं असेल तर बायरन व्हाइट घ्या. १९३८ चा हंगाम पिट्सबर्गकडून खेळला, चेंडू घेऊन लीगमध्ये सर्वांत जास्त अंतर धावला, आणि *मग* ऑक्सफर्डला गेला. पुढे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात ३१ वर्षं न्यायाधीश. क्रम महत्त्वाचा असतो हो.

"हुशार म्हणून कापलं" असं म्हटलं की ज्या पोराने सराव करून ती जागा मिळवली त्याच्यावर आपण अन्याय करतो. त्याचं नाव आपल्याला माहीतही नसतं.

परसातली जास्वंद

मला या खेळातलं काही कळत नाही. मी पुण्यात भूलतज्ज्ञ आहे. पण त्या प्रश्नापाशी मी अडकले.

एमडीच्या मुलाखतीला मला विचारलं होतं, लग्न ठरलंय का, मग रात्रपाळ्या कशा करणार? विचारणाऱ्याला उत्तर नको होतं. तुमचं आणखी कशावर प्रेम असेल तर तुम्ही अर्धेच आमचे, हे त्याला ऐकवायचं होतं. रोलला विचारलेला प्रश्न त्याच जातीचा. पाचवा डाव, तुमचा सगळा हिशेब मान्य केला तरी असा प्रश्न जिथे विचारला जातो तिथे तो हिशेब निर्मळ मनाने झाला असेल, हे मला पटत नाही.

आणि "वाया गेलेली वर्षं" असा जो सूर लागतो तो तर मुळीच नको. रोलने स्वतः सांगितलंय की नारळ मिळाल्यावर तो घरी पार खचून बसला होता, तेव्हा आईने त्याची शाळेतली जुनी वही काढून समोर ठेवली. त्यात लहानपणी लिहिलेल्या दोन इच्छा होत्या, फुटबॉल आणि मेंदूची शस्त्रक्रिया. पहिली करून झाली, आता दुसरी कर, असं तिचं म्हणणं. २०१३ मध्ये फ्लोरिडा स्टेटच्याच वैद्यकीय महाविद्यालयात दाखल झाला, २०१७ मध्ये डॉक्टर होऊन बॉस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरलमध्ये न्यूरोसर्जरीला लागला. ते प्रशिक्षण सात वर्षांचं. मी रोज अशा शस्त्रक्रियांना डोक्याशी उभी असते. सहा-सात तास सूक्ष्मदर्शकात डोळे घालून सर्जनचे खांदे दगडासारखे होतात, पण हात हलता कामा नये. एखादी बारीकशी रक्तवाहिनी सुटली की थिएटरमध्ये कुणी श्वास घेत नाही. त्या क्षणी न घाबरता पुढची कृती करणारा माणूस कुठेतरी घडलेला असतो. हा मागे एकटा उभा राहून घडला, असं मला वाटतं.

फ्लोरिडा स्टेटमधले त्याचे बचाव प्रशिक्षक मिकी अँड्र्यूज मुलांना रोज दोन टक्के सुधारा म्हणायचे. ते तो शस्त्रक्रिया शिकताना वापरत आला. मग फुटबॉल वाया गेला कसा?

रमतगमत

पैशांचं कोणीच बोललं नाही. सराव संघातल्या गड्याला तेव्हा आठवड्याला किमान ५,२०० डॉलर मिळायचे, तेही केवळ हंगामाचे आठवडे, आणि मंगळवारी बोलावून जा म्हणाले की संपलं. वरच्या फेरीत निवडलेल्याला सही करतानाच लाखो डॉलर हातात पडतात. ऑक्सफर्डची खरी किंमत ती. त्याने ती डोळे उघडे ठेवून मोजली, म्हणून मला त्याचा आदर वाटतो. बाकी चालू द्या.

डावा कोपरा

मी बरेच दिवस फक्त वाचत होतो. आज लिहितो, कारण हे माझ्याशी घडलंय. खेळ वेगळा, कबड्डी.

सांगली जिल्ह्यातून खेळायचो. डावा कोपरारक्षक. बारावीला प्रात्यक्षिक परीक्षा आणि निवड शिबिर एकत्र आलं. घरच्यांनी सांगितलं परीक्षा दे, आणि मलाही ती द्यायची होती, कुणी जबरदस्ती केली नाही. तीन आठवडे मैदानावर पाय ठेवला नाही. परत गेलो तेव्हा प्रशिक्षक एक अक्षर वाईट बोलले नाहीत. संघ जाहीर करताना माझं नाव वाचलं नाही, एवढंच.

कित्येक वर्षं मी एडिसनकरांसारखंच म्हणत होतो, की मला शिक्षा केली. पण एक गोष्ट मी कुणाला सांगितली नाही ती इथे सांगतो. त्या दिवशी सरावाला उभा राहिलो, शेजारच्याचा हात धरला, साखळी केली. चढाईवाला आत आला, बोनस रेषेकडे पाय टाकला. पूर्वी अशा वेळी जोडीदाराच्या बोटांवर दाब यायचा आणि माझं अंग आपोआप खाली जायचं, विचार करावा लागत नव्हता. त्या दिवशी दाब आला आणि मी विचार केला. तेवढ्यात तो परत गेला होता. जोडीदाराने हात सोडून माझ्याकडे पाहिलं. तोही काही बोलला नाही. दोनदा असं झालं. प्रशिक्षकांनी ते पाहिलं असणार.

तीन आठवड्यांत माझं हे झालं. रोलचा पूर्ण हंगाम गेला होता.

म्हणून जास्वंदताई, तो प्रश्न वाईटच होता, पण वाईट माणसाने प्रश्न विचारला म्हणून खेळात पडलेली फट खोटी ठरत नाही. मी आज वीज मंडळात अभियंता आहे, परीक्षा दिल्याचा पश्चात्ताप नाही. पण ती जागा मी गमावली, माझ्याकडून ओढून घेतली नाही.

एडिसनकर

डावा कोपरा, तुमचा प्रतिसाद तीनदा वाचला. दंड हा शब्द मी मागे घेतो. निदान सगळा दंड नव्हता.

पण एक उदाहरण तुम्हा दोघांपुढे ठेवतो. लोराँ दुव्हेर्ने-तार्दिफ. कॅनडाचा, मॅकगिल विद्यापीठात डॉक्टरी शिकत होता. २०१४ मध्ये कॅन्सस सिटी चीफ्सने सहाव्या फेरीतच घेतला, २०० वा. रोलपेक्षा सातच जागा वर! प्रशिक्षक अँडी रीड यांची आई स्वतः मॅकगिलमध्ये शिकलेली डॉक्टर. त्यांनी या पोराकडे संशयाने पाहिलं नाही. हंगाम संपला की तो अभ्यासाला जायचा. २०१८ मध्ये डॉक्टर झाला, फेब्रुवारी २०२० मध्ये सुपर बोल, म्हणजे लीगचा अंतिम सामना, जिंकला, आणि त्याच वर्षी कोविड आल्यावर हंगाम सोडून माँट्रियलजवळच्या वृद्धांच्या शुश्रूषागृहात कामाला गेला. कुणी त्याला पळपुटा म्हटलं नाही. सहावीच फेरी, डॉक्टरीच, फरक पडला तो वर बसलेल्या माणसामुळे. रोलला एक अँडी रीड मिळाला असता तर?

पाचवा डाव

उदाहरण सुंदर आहे, पण ते माझ्या बाजूचं आहे. तार्दिफने निवड होण्याआधी एकही हंगाम बुडवला नाही, मॅकगिलकडून खेळतच शिकला. त्याची जागाही वेगळी, तो आक्रमणाच्या पुढच्या रांगेतला, समोरच्याला रेटून धरणारा. मागच्या फळीत मोकळ्या मैदानात अर्ध्या सेकंदात निर्णय घ्यायचा असतो. डाव्या कोपऱ्याने लिहिलंय तेच.

एक मात्र कबूल करतो. रीड यांच्याबद्दलचं तुमचं म्हणणं खरं आहे, आणि रोलला तसा माणूस मिळायला हवा होता. आणखी दोन हंगाम कुणी धीर धरला असता तर बोटांवरचा तो दाब परत आला असता. सहाव्या फेरीतल्यांसाठी लीग धीर धरत नाही. याची चीड मलाही आहे.

परसातली जास्वंद

एडिसनकर, मुलाच्या शिबिराचं काय ठरलं?

एडिसनकर

अजून नाही ठरलं. काल रात्री त्याला सगळे प्रतिसाद मराठीतून मोठ्याने वाचून दाखवले. कबड्डीचं दोनदा वाचायला लावलं. मग त्याने जे विचारलं ते इथे देतो, कारण त्याचं उत्तर मी देऊ शकत नाही, डावा कोपरा देऊ शकतील. त्याला विचारायचंय: सामना सुरू झाल्यावर मधेच कोणी मैदानात उतरला, सकाळपासून मुलाखतीच्या सुटात बसलेला, अंग थंड, आधी काय घडलंय ते पाहिलेलं नाही, तर तो खेळ पकडतो कसा?

डावा कोपरा

त्याला सांगा, शेजारचा सांगतो. मी एकदा एसटी चुकल्यामुळे उत्तरार्धात उतरलो होतो. हात धरता धरता जोडीदार कानाशी म्हणाला, "पाच नंबर बोनसला डावा पाय टाकतोय, तू मागे राहा." बास. पुढच्या चढाईला पाच नंबरच आला.