मदत हवी आहे: पेनड्राइव्हवरची ऑडॅसिटी प्रोजेक्ट सेव्ह करू देत नाही

धागाकर्ता: विंगेतला
एकांकिकेचं पार्श्वसंगीत आणि आवाज जुळवायचे आहेत, प्रयोग भरत नाट्य मंदिरात. दुपारी कॉलेजची लॅब, रात्री तालमीला ज्याचा मिळेल त्याचा लॅपटॉप. सगळीकडे विंडोज. लॅबमध्ये काही इन्स्टॉल करता येत नाही, म्हणून ऑडॅसिटी ३ या आवाज-संपादनाच्या सॉफ्टवेअरची झिप ३२ जीबीच्या पेनड्राइव्हवर उघडून ठेवली आहे. चालू होते, पण प्रोजेक्ट पेनड्राइव्हवर सेव्ह होत नाही. मशीन बदललं की सेटिंग्ज जातात. फोनची एमफोरए फाइल उघडत नाही. डेस्कटॉपवरून कॉपी करून नेलेल्या प्रोजेक्टमध्ये शेवटचे बदलच नव्हते. जाणकारांनी कृपया सांगावं.

खर्जातला सा
पेनड्राइव्ह फॅट३२ (फाइली साठवण्याची जुनी पद्धत) असणार. ऑडॅसिटी ३ त्यावर प्रोजेक्ट सेव्ह करतच नाही, कारण तिथे एका फाइलला ४ जीबीची मर्यादा आणि आता अख्खा प्रोजेक्ट एकाच फाइलमध्ये. ४४.१ किलोहर्ट्झ, ३२ बिट फ्लोट अशा दर्जाचं स्टिरिओ रेकॉर्डिंग म्हणजे मिनिटाला साधारण २१ एमबी. वर अनडूचा इतिहासही प्रोजेक्ट बंद होईपर्यंत त्यातच साठतो. आतलं सगळं दुसरीकडे काढून ठेवा आणि एनटीएफएसने (ही मर्यादा नसलेली विंडोजची पद्धत) फॉरमॅट करा.

सेटिंग्जसाठी ऑडॅसिटीच्या फोल्डरात, एक्झी फाइलशेजारी, 'पोर्टेबल सेटिंग्ज' नावाचं रिकामं फोल्डर करा. नाव इंग्रजीत, दोन शब्द, मध्ये एक स्पेस, दोन्हींचं पहिलं अक्षर कॅपिटल. स्पेलिंग चुकलं तर काही सांगत नाही, गुपचूप सी ड्राइव्हवर लिहीत बसते.

पेठेतला कान
बदल गेले ते प्रोजेक्ट उघडा असताना कॉपी केल्यामुळे. तेव्हा फोल्डरात त्याच नावाची, शेवटी 'वॉल' (इंग्रजी डब्ल्यू-ए-एल) असलेली आणखी एक फाइल दिसते. ताजं काम आधी तिच्यात जातं, बंद केल्यावर मुख्य फाइलमध्ये मिसळतं. म्हणून: प्रोजेक्ट डेस्कटॉपवर आणा, काम करा, ऑडॅसिटी बंद करा, ती फाइल नाहीशी झालेली बघा, मग परत पेनड्राइव्हवर टाका. थेट पेनड्राइव्हवर काम नकोच. बारीकबारीक लिखाणात तो दमतो आणि प्रत्येक कटला गाडी अडते.

एमफोरएला एफएफएमपेग लायब्ररी (असे फॉरमॅट उघडणारं वेगळं जोड-सॉफ्टवेअर) लागते. तिचा पत्ता ड्राइव्हच्या अक्षरासकट साठतो. लॅबमध्ये ई असलेला पेनड्राइव्ह रात्री एफ झाला की संपलं. त्यापेक्षा फोनच्या रेकॉर्डरमध्येच वेव्ह निवडा.

विंगेतला
फोल्डरचं जमलं, धन्यवाद! प्रयोगाला एमपी३ चालेल ना?

पेठेतला कान
वेव्हच द्या. एमपी३ करताना सुरुवातीला थोडी शांतता चिकटते. थपडेचा आवाज तेवढ्यानेही उशिरा पडतो, आणि सलग फिरवायच्या पावसात दर फेरीला खाच ऐकू येते. प्रत्येक क्यू (नाटकात ठरलेल्या जागी वाजवायचा आवाज) वेगळ्या फाइलमध्ये, नावापुढे ०१, ०२ असे आकडे. नाहीतर काही प्लेअरमध्ये १० नंबर २ च्या आधी जाऊन बसतो. पीक (सगळ्यात मोठ्या आवाजाची पातळी) उणे १ डीबी ठेवा. आणि पंख्याची घरघर काढताना नॉइज रिडक्शन ६ ते ९ डीबीच, जास्त ओढलंत तर आवाज पाण्याखालून आल्यासारखा होतो.