हंगेरीच्या हँडबॉलपटू लास्लो नॉजने २०१२ मध्ये बार्सिलोना क्लब सोडला, ती घोडचूक होती का?

डावखुरा (धागाकर्ता)
वाद व्हावा म्हणूनच लिहितोय. उंची २ मीटर ९ सेंटिमीटर, डाव्या हाताचा तोफगोळा, शिवाय बचावात मधोमध उभा राहिला की समोरच्याला गोल दिसेनासा. हंगेरीतल्या सेकेशफेहेरवारचा हा पोरगा तिथल्याच सेगेद क्लबमध्ये चमकला, २००० साली बार्सिलोनाने उचलला. तिथे बारा वर्षं आणि दोन चॅम्पियन्स लीग (युरोपातल्या क्लबांची सर्वोच्च स्पर्धा), २००५ आणि २०११. मग एकतिसाव्या वर्षी साहेब मायदेशी, वेस्प्रेम क्लबला. ज्या चषकासाठी क्लबने त्याला आणला, त्याच्या अंतिम सामन्यात तीनदा पोचला आणि तिन्ही वेळा हरला. मोठ्या कारकिर्दीची धार त्याने स्वतःच्या हाताने बोथट केली, असं माझं मत.

कोर्टाबाहेरचा
ज्याला हँडबॉल कळत नाही त्याच्यासाठी कोणी सांगेल का, डावखुरा असण्याचं एवढं कौतुक कशाला?

डावखुरा
उजव्या बाजूने उजव्या हाताने फेकलं तर चेंडू गोलच्या मध्यापासून लांब सुटतो, कोन निमुळता मिळतो. डावखुऱ्याचा हात आतल्या बाजूला असतो, समोर अख्खा गोल. म्हणून राइट बॅकला, म्हणजे उजवीकडून लांबून फेकणाऱ्याच्या जागेवर, डावखुराच लागतो आणि असे थोडेच सापडतात. त्यात हा दोन मीटरच्या वर!

सातमीटर
धागाकर्ते, तीन फायनल हरले म्हणजे बोथट? युरोपात किती क्लब तिथवर पोचतात ते मोजा आधी. २०१५ ला हरले ते बार्सिलोनाकडूनच, २८-२३. २०१९ ला उत्तर मॅसेडोनियाच्या वार्दार क्लबकडून, २७-२४. हे दोन्ही मान्य, समोरचे सरस होते.

२०१६ ची गोष्ट मात्र वेगळी. जर्मनीतल्या कोलोनमध्ये पोलंडच्या किएल्त्से क्लबविरुद्ध वेस्प्रेम २८-१९ ने पुढे, जेमतेम पाव तास शिल्लक. नऊ गोलांची आघाडी! त्यानंतर निर्धारित वेळ संपेपर्यंत वेस्प्रेमने मारला फक्त एक गोल आणि किएल्त्सेने दहा. २९-२९. जादा वेळेत ३५-३५. शेवटी सात मीटरच्या फेकींवर (हँडबॉलची पेनल्टी) ३९-३८ ने हरले, निर्णायक फेक किएल्त्सेच्या आगिनागाल्देची. हातातोंडाशी आलेला घास गेला. आता सांगा, यात 'मायदेशी परतण्याचा निर्णय' कुठे आला? संघ गारठला. तसा बार्सिलोनाचाही कधीतरी गारठतोच.

पोटनिवडणूक
@सातमीटर, संघ गारठतो तेव्हाच तर अशा माणसाकडे बघतात ना? नऊची आघाडी जाताना सगळ्यात अनुभवी खेळाडू कोर्टावर असून उपयोग काय? भक्तांनी याचं उत्तर द्यावं.

सातमीटर
उपयोग हा की तो पस्तिशीत होता आणि पूर्ण हंगाम वाहून आणला होता. हँडबॉलमध्ये बदली खेळाडू सतत आतबाहेर होत असतात. एका माणसाच्या गळ्यात दहा गोल मारू नका. उंटावरून शेळ्या हाकणं सोपं आहे.

बुडापेस्टचा_पाहुणा
तुम्ही सगळे क्लबच्या चषकांतच अडकलात. मला तर लंडन २०१२ चं ऑलिंपिक आठवतं. उपांत्यपूर्व सामना, समोर आइसलँड, दोनदा जादा वेळ, हंगेरी ३४-३३ ने जिंकली. तो सामना पाहिलेल्याला हंगेरीत हँडबॉल काय चीज आहे ते सांगायला लागत नाही. पुढे स्वीडनशी एका गोलाने हरले (२७-२६) आणि कांस्यपदक क्रोएशियाने नेलं. २००४ ला अथेन्समध्येही चौथेच. त्याच्या कारकिर्दीतली खरी हळहळ ही आहे, वेस्प्रेम नव्हे.

पोटनिवडणूक
हळहळ काय कामाची? दोनदा चौथा म्हणजे दोनदा पदकाविना. आणि पैशाबद्दल कोणीच का बोलत नाही? हंगेरीत २०११ पासून कंपन्यांना करसवलत देऊन खेळांत पैसा आणायची योजना सुरू झाली, हँडबॉल त्यात होता. तेव्हाच मोठा खेळाडू घरी परततो, हा योगायोग?

डावखुरा
योजनेतला पैसा मुख्यतः मुलांच्या प्रशिक्षणासाठी आणि क्रीडांगणांसाठी. त्यावरून एका माणसाच्या हेतूवर बोट ठेवणं मला पटत नाही, तो धागा वेगळा काढा. माझा मुद्दा खेळाचा आहे. बार्सिलोनातच राहिला असता तर २०१५ ला कोलोनमध्ये विजेत्यांच्या बाकावर असता. एवढं साधं गणित.

बुडापेस्टचा_पाहुणा
असता तर! चौतिसाव्या वर्षी बार्सिलोनाने त्याला ठेवला असता, याची खात्री कोणी दिली? वेस्प्रेमने अडतिसाव्या वर्षापर्यंत खेळवला, २०१९ ला. शिवाय सेगेदचा माणूस कट्टर प्रतिस्पर्धी वेस्प्रेमकडे गेला आणि तिथल्या स्टँडने त्याला आपला मानला. तुमच्या गणितात याचा रकाना कुठे आहे?

कोर्टाबाहेरचा
२०१६ चा तो पाव तास आत्ताच शोधून पाहिला. पोटनिवडणूक, एकदा बघा आणि मग नॉजकडे बोट दाखवा. वेस्प्रेमच्या कोणालाच गोल होत नव्हता हो.