पुण्यातली वटवाघळं ओळखायची कशी? (आणि गॅलरीतल्या डागांचं काय करू?)

कोथरूडची_मैना

मंडळी, दोन प्रश्न आहेत आणि ते एकमेकांत गुंतलेत.

आम्ही कोथरूडला दुसऱ्या मजल्यावर राहतो. गॅलरीसमोर सोसायटीच्या अशोकांची रांग आहे (तोच तो सरळसोट, बंद छत्रीसारखा), आणि शेजारच्या विंगच्या पोर्चवर पडदावेल. गेला महिनाभर रोज सकाळी फरशीवर चघळून टाकलेल्या चोथ्याच्या चपट्या गोळ्या, सिंगापूर चेरीच्या बारीक बिया आणि भिंतीवर पिवळट तपकिरी ओघळ. मागच्या दिवाळीत रंग काढलाय हो.

परवा रात्री साडेअकराला दिवा लावला तर झोपाळ्याच्या रिकाम्या कडीला एक जण उलटा लटकून खात बसलेला. कुत्र्याच्या पिल्लासारखं तोंड, मोठाले डोळे, कानांना पांढरी किनार. त्याने माझ्याकडे बघितलं आणि पुन्हा खायला लागला. मीच दिवा घालवून आत आले.

शिवाय दिवेलागणीला रस्त्यावरच्या दिव्याभोवती मुठीएवढ्या पाकोळ्या घिरट्या घालतात, त्या वेगळ्याच दिसतात.

सोसायटीत आता चर्चा अशी की "निपाह येईल, अशोक तोडा, वेल काढा". रविवारी मीटिंग आहे. तोवर दोन वाक्यं तरी ठामपणे बोलता यावीत. हा पाहुणा कोण? आणि पुण्यातली वटवाघळं ओळखायला शिकायचं तर सुरुवात कुठून करू? यंत्रं असतात म्हणे, पण बजेट बेताचं आहे.

टेकडीवरचा_भटक्या

ताई, वर्णन इतकं नेमकं केलंय की फोटोची गरज नाही. कानाची पांढरी किनार आणि चोथ्याच्या गोळ्या म्हणजे सायनॉप्टेरस स्फिंक्स, फळखाऊ वटवाघूळ. आमच्या ग्रुपात त्याला 'आखूडनाक्या' म्हणतात.

तुमची गॅलरी त्याचं घर नाही, जेवणाची जागा आहे. झाडावर बसून खाल्लं तर घुबडाची भीती, म्हणून तो एकेक फळ तोंडात धरून जवळच्या अंधाऱ्या आडोशाला येतो. गर टाळूवर दाबून रस पिऊन घेतो आणि चोथा थुंकतो. एका रात्रीत अशा बऱ्याच खेपा होतात.

घर मात्र त्या पडदावेलीत किंवा अशोकात असू शकतं, आणि ते बघण्यासारखं असतं. वेलीच्या दाट झुंबडीत नर आतल्या काड्या आणि पानं दातांनी कुरतडून घंटेच्या आकाराची पोकळी करतो. अशोकाच्या लोंबत्या पानांतही हेच. बाहेरून काही कळत नाही. दुपारी वेलीच्या बरोबर खाली उभं राहून वर बघा, आतून पाच-सात तोंडं तुमच्याकडे बघत असतील. एक नर, बाकी माद्या आणि पिल्लं. टॉर्च मारू नका, दोन मिनिटांत निघा.

ओळखायला शिकायचं तर पहिली फोड फळखाऊ की किडेखाऊ. फळखाऊंचे डोळे मोठे, तोंड कुत्र्यासारखं, कान साधे, आणि अंगठ्याशिवाय शेजारच्या बोटालाही बहुधा नखी. किडेखाऊंचे डोळे टाचणीच्या टोकाएवढे, कानात बहुतेकांना एक छोटी उभी पाकळी, काहींच्या नाकावर कातडीची नक्षी. एवढं डोक्यात बसलं की निम्मं काम झालं.

अण्णा_विहिरीवाले

सासवडकडच्या आमच्या जुन्या विहिरीत फळखाऊंचीच दुसरी जात आहे, रूसेटस. रंग तपकिरी, अंगाने आखूडनाक्यापेक्षा थोराड, कानाला पांढरी कड नाही. झाडावर राहत नाही. विहीर, गुहा, पडका वाडा अशा अंधाऱ्या जागा लागतात. बाकीच्या फळखाऊंना अंधारात डोळ्यांवर आणि नाकावर भागवावं लागतं. ही मात्र जिभेने टकटक आवाज काढून त्याच्या प्रतिध्वनीवर वाट काढते. संध्याकाळी काठावर शांत बसलं की विहिरीतून आवाज येतो, आपण जिभेने घोडा हाकतो ना, अगदी तसा.

आणि ज्यांना आपण लहानपणापासून वटवाघूळ म्हणतो, ती नदीकाठच्या जुन्या झाडांवर दिवसाढवळ्या उघड्यावर लटकणारी, पंख पसरले की चार फुटांच्या आसपास भरणारी, ती तिसरी. टेरोपस. मादीला वर्षाला एकच पिल्लू. त्यामुळे वसाहत एकदा उठली की पुन्हा भरायला वर्षं लागतात.

वसाहतीचा पत्ता कुणी इथे लिहू नका, ही हात जोडून विनंती. मागे एका ग्रुपवर ठिकाण टाकलं आणि पुढच्याच रविवारी पोरं सुतळी बॉम्ब घेऊन हजर.

शुद्धलेखन_पोलीस

पाकोळी हा पक्षी आहे. वटवाघूळ नव्हे.

टेकडीवरचा_भटक्या

दोन्ही आहे, पोलीसदादा. आमच्या आजोळी लहान वटवाघळालाच पाकोळी म्हणतात. पण मुद्दा कामाचा आहे, कारण संधिप्रकाशात फसायला होतं. पुलाखाली घरटी करणारी पाकोळी कोयत्यासारखे पंख ताणून मधेच तरंगते. वटवाघूळ तरंगत बसत नाही, सतत फडफड आणि एकदम वळण.

डिटेक्टरवाला_बाणेर

मैनाताई, दिव्याभोवतीच्या मुठीएवढ्या बहुधा पिपिस्ट्रेल, म्हणजे किडेखाऊंतली छोटी वटवाघळं. मुठीएवढ्या वाटतात त्या पंखांमुळे. यांतल्या सगळ्यात लहान जातीचं अंग अंगठ्याएवढं आणि वजन तीन-चार ग्रॅम, म्हणजे कोथिंबिरीच्या दोन काड्या.

पुण्यात पिपिस्ट्रेलच्या एकाहून जास्त जाती आहेत आणि उडताना बघून त्या वेगळ्या करणं मला तरी जमत नाही. हातात धरून, पुढच्या बाहूचं हाड कॅलिपरने मोजून, दात बघूनच खात्री होते. ते परवानगी असलेल्या अभ्यासकांचं काम. वहीत नुसतं 'पिपिस्ट्रेल' लिहा आणि पुढे चला. सुरुवातीला मी हट्टाने प्रत्येकाला पूर्ण नाव देत होतो. वर्षभराच्या नोंदी पुसाव्या लागल्या.

यंत्राबद्दल. साधा हेटरोडाइन डिटेक्टर पुरेसा आहे (वटवाघळांचा आपल्या कानाच्या पलीकडचा आवाज ऐकू येईल असा करून देतो), रेडिओसारखी चकती फिरवायची. ४५ किलोहर्ट्झच्या आसपास ठेवून दिव्याखाली उभे राहा. टक... टक... टक... असा ठेका येतो, आणि किडा टप्प्यात आला की टकटक इतकी जलद होते की कापड टर्रकन फाटल्यासारखं वाटतं. तो घास. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी रस्त्यात उभा राहून एकटाच हसत होतो, वॉचमनने हटकलं.

नाकावर नक्षीवाल्या जातींचा आवाज वेगळा. एकाच सुरात शीळ, आणि बऱ्याचदा १०० किलोहर्ट्झच्या वर, तेव्हा चकती तिथपर्यंत जाते का ते घेण्याआधी बघा. रेकॉर्डिंग करायचं असेल तर ऑडिओमॉथ नावाची काड्यापेटीहून थोडी मोठी पाटी मिळते. रेकॉर्डिंगवरून ॲपने आपणहून सुचवलेलं जातीचं नाव मात्र ब्रह्मवाक्य मानू नका. माझ्या एका ॲपने भर बाणेरमध्ये युरोपातली जात दाखवली होती.

फुकटात सुरुवात करायची तर लेंड्या बघा. उंदराची लेंडी कडक असते. किडेखाऊ वटवाघळाची दोन काड्यांमध्ये दाबली की भुगा होतो आणि त्यात किड्यांच्या पंखांचे तुकडे चमकतात. जुन्या देवळाच्या ओवरीत बेडकाच्या तंगड्या आणि नाकतोड्यांचे पंख पडलेले दिसले, तर वर मेगाडर्मा आहे असं समजा. लांब, बुडाशी जोडलेले कान, शेपूट नाही, आणि बेडूक, पाली, उंदीरसुद्धा मारून खातं. त्याचा आवाज इतका हळू की डिटेक्टर घेऊन पाच हातांवर उभं राहिलात तरी कदाचित काही ऐकू येणार नाही. आणि किल्ल्याच्या भुयारात उंदरासारखी लांब, सुटी शेपूट दिसली तर ते रायनोपोमा, त्यात दुसऱ्या कशाचा घोळ होत नाही.

डॉक्टर_सदाशिवपेठी

निपाहचं सांगतो, कारण रविवारी तेच निघणार. महाबळेश्वरच्या गुहेतून मार्च २०२० मध्ये घेतलेल्या नमुन्यांत निपाहच्या खुणा मिळाल्याचं आपल्या पुण्याच्याच राष्ट्रीय विषाणू संस्थेने २०२१ मध्ये जाहीर केलं. त्या जाती दोन, रूसेटस आणि एक पिपिस्ट्रेल. म्हणून आखूडनाक्याला निर्दोष ठरवायला मी जाणार नाही. पण झाड तोडून धोका कमी होत नाही. जनावर फक्त पुढच्या गल्लीत जातं.

करायचं ते असं. उष्टं, दात लागलेलं फळ खायचं नाही, कितीही गोड दिसलं तरी. सकाळी डाग कोरडे झाडायचे नाहीत, साबणाचं पाणी शिंपडून, हातमोजे घालून पुसायचे. जमिनीवर पडलेलं वटवाघूळ उघड्या हाताने उचलायचं नाही. चावलं किंवा ओरखडलं तर साबणाने वाहत्या पाण्याखाली १५ मिनिटं धुवायचं आणि त्याच दिवशी रेबीजच्या लशीसाठी डॉक्टरांकडे. लेण्यांत नि भुयारांत शिरताना मास्क. एवढ्यावर मी स्वतः निवांत झोपतो.

वकीलीण_बाई

अशोक तोडायला महापालिकेच्या वृक्ष प्राधिकरणाची परवानगी लागते, १९७५ चा झाडांचा कायदा आहे. सेक्रेटरींना एवढं विचारा, "अर्ज कोण करतंय?" आमच्याकडे विषय तिथेच संपला होता.

आणखी एक. वन्यजीव कायद्यात फळखाऊ वटवाघळं वर्षानुवर्षं उंदीर-कावळ्यांबरोबर उपद्रवींच्या यादीत होती. २०२२ च्या दुरुस्तीत ती यादीच गेली. जुन्या माहितीवर कुणी "कायद्यानेच मारायची मुभा आहे" म्हणालं तर तारीख सांगा.

अण्णा_विहिरीवाले

गॅलरीला नायलॉनची जाळी लावू नका. अडकून मरतात. ज्या कडीला बसतो ती कडी काढा, आणि त्या कोपऱ्यात आठ-दहा रात्री छोटा दिवा राहू द्या. त्याला अंधार हवा असतो, तुमचीच गॅलरी हवी असं काही नाही.

कोथरूडची_मैना

सगळ्यांचे आभार. मीटिंगचा वृत्तांत.

"अर्ज कोण करतंय?" या प्रश्नावर सगळे एकमेकांकडे बघत राहिले, त्यामुळे अशोक वाचले. वेलीवर मात्र वाद झाला. शेवटी मी तिसऱ्या मजल्यावरच्या गोखले काकूंना, ज्या सगळ्यात विरोधात होत्या, पोर्चखाली नेलं आणि वर बघा म्हटलं. सहा होती. एकीच्या छातीशी पिल्लू. काकू मान वर करून बराच वेळ बघत होत्या, मग म्हणाल्या, "पावसाळा संपेपर्यंत राहू दे, पण खालची फरशी तू धुवायचीस."

कडी काढली. दिवा लावून आज पाचवी रात्र. पाहुणा आता समोरच्या विंगमध्ये पहिल्या मजल्यावर जेवतो असं कळलंय. ते लोक गावाला गेलेत, अजून त्यांना माहीत नाही.

बाणेरवाले, तो चकतीवाला डिटेक्टर एका रविवारसाठी उसना मिळेल का? चहा माझ्याकडून.