मदत हवी आहे: दयानिता सिंग यांच्यासारखी घडीची छायाचित्र-पुस्तिका कशी बांधावी?

सर्वांना नमस्कार. भारतीय छायाचित्रकार दयानिता सिंग छायाचित्राला अंतिम कलाकृती न मानता कच्चा माल मानतात आणि पुस्तकालाच प्रदर्शन समजतात, ही दृष्टी मला फार जवळची वाटते. २००८ च्या 'सेंट अ लेटर' या संचातील सात छोट्या पुस्तिका पेटीच्या भात्यासारख्या उलगडून टेबलावर उभ्या करता येतात, तर २०१३ च्या 'फाइल रूम'मध्ये कागदपत्रांच्या गठ्ठ्यांनी भरलेल्या खोल्या दिसतात. (छायाचित्रणासाठीचा २०२२ चा हॅसलब्लाड पुरस्कार त्यांना उगाच मिळाला नाही.)

जुन्या दप्तरखान्यांतील लाल फडक्यात बांधलेल्या बस्त्यांची माझ्याकडे ३६ चौकोनी, कृष्णधवल छायाचित्रे आहेत. त्यांची अशीच पुस्तिका घरी बांधायची आहे. मात्र घडीवर शाई तडकते आणि दोन कागद जोडणाऱ्या पट्टीपाशी कागद फुगतो. किती जीएसएमचा (दर चौरस मीटरला किती ग्रॅम वजनाचा) कागद घ्यावा, आणि घडी कागदाच्या तंतूंच्या दिशेने घालावी की आडवी, हे अनुभवी बाइंडरांनी कृपया सांगावे.

त्याहून अवघड प्रश्न क्रमाचा आहे: चित्रांखाली ओळी न लिहिता, केवळ शेजारच्या चित्रामुळे अर्थ बदलेल अशी मांडणी करताना आपण सुरुवात कोठून करता?